न आलेल्या चेंडूंचा हिशेब

व्यावसायिक बेसबॉलमध्ये आउटफिल्डरच्या वाट्याला एका सामन्यात सरासरी दोनच्या आसपास झेल येतात. मधल्या सेंटर फील्डरला थोडे जास्त, दोन्ही कडेच्यांना थोडे कमी. तेवढ्या वेळात त्याच्या संघाचे पिचर मिळून दीडशेच्या घरात चेंडू टाकतात. त्यातल्या प्रत्येक चेंडूला हा माणूस गुडघे किंचित वाकवतो, टाचा उचलतो आणि एक बारीकशी उडी घेऊन सज्ज होतो. दीडशे वेळा सज्ज व्हायचं आणि दोनदा त्याचा उपयोग व्हायचा. मायनर लीगच्या खालच्या पायऱ्यांवर मोसमात १३२ सामने असतात, म्हणजे एका मोसमात जवळजवळ वीस हजार वेळा ही तयारी. स्कोअरबुकात तिची नोंद नसते. ती माझ्या खोलीत, माझ्या टेबलावर पालथ्या पडलेल्या पोटऱ्यांत आणि मांड्यांत सापडते.

मी मूळची सांगलीची. फिजिओथेरपीची पदवी घेऊन अमेरिकेत आले, ॲथलेटिक ट्रेनिंगमध्ये मास्टर्स केलं, परीक्षा देऊन परवाना मिळवला आणि एका मेजर लीग क्लबच्या मायनर लीग संघांबरोबर काम करू लागले. मेजर लीगचे ३० क्लब आहेत आणि प्रत्येकाचे चार-चार मायनर लीग संघ: लो-ए, हाय-ए, डबल-ए, ट्रिपल-ए. एकूण १२०. पोरं खालून वर चढत जातात; बहुतेक जण मधल्याच कुठल्या तरी पायरीवर थांबतात. सामन्याआधी सांधे-स्नायू तपासायचे, टेप बांधायची, मैदानात कुणी पडलं की धावत जायचं, सामना संपल्यावर बर्फाच्या पिशव्या बांधायच्या आणि रात्री सगळ्याचा अहवाल वर पाठवायचा, हे माझं काम. याखेरीज खालच्या पातळीवर ट्रेनरच्या गळ्यात बरंच काही पडतं. कुणाला दाताच्या डॉक्टरकडे न्या, कुणाच्या प्रोटीन पावडरच्या डब्यावर तपासणीचा शिक्का आहे का बघा, कुणाला घरची आठवण येऊन झोप लागत नाही तर नुसतंच जवळ बसा.

मी आले तेव्हा क्लबहाऊसमध्ये बाई दिसण्याची नवलाई संपली होती, पण सवय झाली नव्हती. २०११ च्या अखेरीस लॉस एंजेलिस डॉजर्सनी सू फाल्सोन यांना मुख्य ॲथलेटिक ट्रेनर नेमलं. अमेरिकेतल्या मोठ्या व्यावसायिक लीगमध्ये त्या पदावर आलेल्या त्या पहिल्या बाई, आणि त्याही मुळात फिजिओथेरपिस्टच. माझ्यासारखीला हिंमत यायला तेवढं पुरेसं होतं. पोरांनी मला पहिल्याच आठवड्यात 'डॉक' करून टाकलं. न शिकता मिळालेली ही डॉक्टरकी मी नाकारली नाही.

बाबा तरुणपणी सांगलीत क्लब क्रिकेट खेळलेले. मी काम सुरू केल्यावर त्यांनी एका रात्री बेसबॉलचा अख्खा सामना मोबाइलवर पाहिला आणि सकाळी फोन केला.

"अगं, एवढं सूप हातात घालून झेल घेतात की हे! त्यात काय मोठं? आम्ही मोकळ्या हातांनी घ्यायचो."

"बाबा, तुमच्या मैदानाची सीमारेषा किती लांब असायची?"

"साठ-पासष्ट यार्ड. का गं?"

"इथं मधली भिंत सव्वाशे यार्डांच्या पलीकडे असते. सगळा मागचा भाग तिघांत वाटलेला. चेंडू बॅटवरून सुटला की चार-पाच सेकंदांत यानं तिथं पोचायचं."

बाबा थोडे गप्प झाले. मग म्हणाले, "म्हणजे सूप असूनसुद्धा अवघड आहे."

अवघड आहेच, आणि कसं अवघड आहे हे मला खेळाडूंपेक्षा पुस्तकांतून आधी कळलं. उंच उडालेला चेंडू कुठे पडेल हे माणसाला कळतं तरी कसं, यावर शास्त्रज्ञांनी खूप डोकं खाजवलं आहे. सेव्हिल चॅपमन या भौतिकशास्त्रज्ञानं १९६८ मध्ये मांडलं, की धावणारा माणूस मनात कुठलीही आकडेमोड करत नाही. आपल्या नजरेला चेंडू एकसारख्या गतीनं वर चढताना दिसत राहील इतकाच तो वेग कमी-जास्त करतो. चढ मंदावलेला दिसला तर पुढे धावायचं, वाढलेला दिसला तर मागे. पुढे १९९५ मध्ये मायकेल मॅकबीथ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'सायन्स' या नियतकालिकात दुसरी बाजू मांडली. खेळाडू अशा वाटेनं धावतो की चेंडूची वक्र वाट त्याला सरळ रेषेसारखी दिसत राहते. दोन्ही मतांचे लोक अजून भांडतात. माझ्या दृष्टीनं त्यातला कामाचा भाग एवढाच, की चेंडू हवेत असेपर्यंत धावणं थांबत नाही. 'इथं पडेल' असं ठरवून तिथं जाऊन उभं राहणं फार थोड्या झेलांत घडतं. आणि सर्वांत वाईट चेंडू थेट अंगावर येणारा. बाजूनं त्याची वाट दिसत नाही, पुढे जायचं की मागे हे कळायला अर्धा सेकंद जातो आणि तेवढ्यात तो डोक्यावरून निघून गेलेला असतो. त्या अर्ध्या सेकंदात एक पाय पुढे आणि एक मागे पडलेला असला, की जांघेचा स्नायू माझ्याकडे येतो.

आमचा दिवस दुपारी सुरू होतो. सामना संध्याकाळी सातला असला तरी पोरं एक-दीडपासून यायला लागतात. आउटफिल्डरच्या कामाचा मोठा भाग प्रेक्षक यायच्या आधीच उरकलेला असतो. कोच फंगो नावाच्या लांब, हलक्या बॅटनं त्यांना उंच चेंडू मारून देतो: डोक्यावरून, उन्हात, कुंपणाजवळ. मग बाकीच्यांची बॅटिंग प्रॅक्टिस चाललेली असताना हे तिघे आपापल्या जागी उभे राहून सामन्यातल्यासारखे पळतात. तिथे बॅटच्या आवाजावरून चेंडूचा अंदाज घ्यायला शिकतात. नीट लागला की एक आवाज, टोकाला लागला की दुसरा. डोळ्यांच्या आधी कान पाय हलवतात. चांगला सेंटर फील्डर चेंडू बॅटला लागताक्षणीच निघालेला असतो, आणि त्यामुळे त्याचे झेल बघायला सोपे वाटतात. उशिरा निघणारा शेवटी अंग झोकून देतो आणि टाळ्या घेतो. स्नायूंच्या बाबतीत मला पहिलाच आवडतो.

२०१५ पासून मेजर लीगच्या मैदानांवर 'स्टॅटकास्ट' ही यंत्रणा प्रत्येक हालचाल मोजते. धावण्याच्या वेगाची तिथली सरासरी सेकंदाला २७ फूट, म्हणजे ताशी तीसेक किलोमीटर. सेकंदाला ३० फुटांच्या वर गेलेला खेळाडू वाऱ्यासारखा समजतात. कुठला झेल किती टक्के शक्य होता हेही आता काढता येतं. पंचवीस टक्के किंवा त्याहून कमी शक्यतेचा झेल घेतला की पाच तारे. या ताऱ्यांनी मधल्या फळीतल्या कितीतरी आउटफिल्डरांना न्याय दिला. जो सोपा करून घेतो त्याचंही आता थोडंफार मोजलं जातं. पण मोजणी सुरू होते ती चेंडू त्याच्या दिशेनं आला की.

चेंडू त्याच्या दिशेनं येत नाही तेव्हाही तो पळत असतो, हे कॅमेऱ्यात फारसं येत नाही. इन्फिल्डमध्ये साधा जमिनीवरचा चेंडू गेला आणि तिथून फर्स्ट बेसकडे फेकला गेला, की राइट फील्डर तिरका पुढे धावतो. फेक चुकली तर मागे कुणीतरी हवं. सेकंड बेस चोरायला धावणाऱ्या खेळाडूसाठी कॅचरनं चेंडू फेकला की सेंटर फील्डर पुढे झेपावतो. थर्ड बेसच्या फेकीमागे लेफ्ट फील्डर असतो. शंभरातल्या नव्वदहून जास्त फेका नीट हातात जातात आणि मागे धावलेला माणूस वळून आपल्या जागी परत येतो. त्याचं धावणं वाया गेलं असं कुणी म्हणत नाही, कारण ते धावणं कुणी पाहिलेलंच नसतं.

माझ्याकडे आलेली एक मोठी दुखापत याच प्रकारची. विशीतला राइट फील्डर, आमच्या संघातला सर्वांत वेगवान. तीन इनिंग त्याच्याकडे काहीच आलं नव्हतं. एप्रिलची थंड रात्र. शॉर्टस्टॉपकडे चेंडू गेला, त्यानं तो निवांत फर्स्ट बेसला दिला, फलंदाज बाद. प्रेक्षक पाणी आणायला उठले. आणि राइट फील्डर फाउल रेषेजवळ मांडीमागे हात धरून एका पायावर उभा. हॅमस्ट्रिंग, दुसऱ्या श्रेणीची फाट. बेसबॉलमधल्या दुखापतींत हॅमस्ट्रिंगचा क्रमांक वरचा आहे आणि त्यातल्या पुष्कळ बेसवरून धावताना होतात, हे मला पाठ होतं. पण हा तर बेसवर नव्हताच. गार पडलेल्या स्नायूला त्यानं एका क्षणात पूर्ण वेग मागितला होता, अशा चेंडूसाठी जो त्याच्याकडे येणार नव्हता. दीड महिना तो बाहेर राहिला. आम्ही रोज नॉर्डिक व्यायाम करायचो: गुडघ्यांवर उभं राहायचं, कुणीतरी घोटे धरायचे आणि शरीर सावकाश पुढे सोडायचं. स्नायू लांबत असताना ताकद लावायला शिकवणारा हा व्यायाम दिसायला किरकोळ, करताना शिव्या घालायला लावणारा. तो डोमिनिकन होता, स्पॅनिशमध्ये शिव्या घालायचा आणि मला त्यांचा अर्थ विचारायची बंदी होती.

भिंतीच्या दुखापती वेगळ्या. त्यांच्यावर बोलायचं तर पीट रायझर यांच्यापासून सुरुवात करावी लागते. ब्रुकलिन डॉजर्सचा हा सेंटर फील्डर १९४१ मध्ये बावीस वर्षांचा असताना ०.३४३ च्या सरासरीनं नॅशनल लीगचा बॅटिंग चॅम्पियन झाला. पुढच्याच वर्षी सेंट लुइसमध्ये चेंडूमागे धावताना तो भिंतीवर आदळला आणि डोक्याला गंभीर इजा झाली. तरी तो खेळत राहिला आणि आदळत राहिला. १९४७ मध्ये ब्रुकलिनच्या एबेट्स फील्डवर पुन्हा तेच. ज्याची तुलना थोरामोठ्यांशी होत होती त्याची कारकीर्द अशी भिंतींनी खाल्ली. त्यानंतर एबेट्स फील्डच्या भिंतींना गादी लावली गेली आणि भिंतीआधी मातीचा पट्टा ठेवण्याची पद्धत सगळीकडे आली. त्याला वॉर्निंग ट्रॅक म्हणतात. मान वर करून धावणाऱ्याला भिंत दिसत नाही, पण पायांखाली गवत संपून खडी लागली की दोन-तीन पावलं उरली हे कळतं. संघ नव्या मैदानात गेला, की आमचे आउटफिल्डर पहिल्या दिवशी भिंतीपर्यंत जाऊन पट्ट्यावरची पावलं मोजतात, गादीवर मूठ मारून पाहतात, खाली सिमेंट आहे का हे चाचपतात. मीही त्यांच्याबरोबर जाते. खालच्या लीगमध्ये सगळ्या गाद्या सारख्या नसतात.

एका रात्री आमचा लेफ्ट फील्डर पट्टा ओलांडून भिंतीवर गेला. चेंडू त्याच्या ग्लोव्हच्या वीतभर वरून पलीकडे पडला. डगआऊटपासून तिथं पोचेपर्यंत मला धाप लागली. सामना कुठे चालू आहे, कितवी इनिंग, शेवटची धाव कुणाची, हे ठरलेले प्रश्न विचारले. पहिल्या दोनांची उत्तरं आली, तिसऱ्याला तो अडखळला. त्याला बाहेर काढला. डोक्याच्या दुखापतीसाठी वेगळी यादी आणि वेगळे नियम आहेत, आणि त्यात माझा शब्द चालतो, मॅनेजरचा नाही. स्कोअरबुकात त्या चेंडूपुढे 'होम रन' लिहिलं गेलं आणि ते बरोबरच होतं. धाव फलंदाजाची, चेंडू पिचरचा. लेफ्ट फील्डरचा त्या ओळीत काही संबंध येत नाही. माझ्या अहवालात मात्र त्याच एका चेंडूची दोन पानं झाली.

आपापसातल्या टकरींवर उपाय एकच: मोठ्यानं ओरडायचं. चेंडू कुणाचा यावर सेंटर फील्डरचा हक्क पहिला; त्यानं 'माझा' म्हटलं की बाकीच्यांनी बाजूला व्हायचं. १९६२ सालच्या न्यूयॉर्क मेट्सचा एक किस्सा आमच्या डगआऊटमध्ये दर मोसमात कुणीतरी सांगतोच. सेंटर फील्डर रिची ॲशबर्न ओरडायचे इंग्रजीत, आणि व्हेनेझुएलाचा शॉर्टस्टॉप एलिओ चाकोन याला इंग्रजी येत नव्हतं. टक्कर टाळायला ॲशबर्ननी 'यो ला तेंगो' हे स्पॅनिश वाक्य पाठ केलं. पुढचा उंच चेंडू आला, ॲशबर्न ते ओरडले, चाकोन शहाण्यासारखा थांबला, आणि डावीकडून आलेल्या फ्रँक थॉमसनं, ज्याला स्पॅनिशचा गंधही नव्हता, ॲशबर्नना उताणं पाडलं. आमच्या संघात निम्मी पोरं डोमिनिकन रिपब्लिक आणि व्हेनेझुएलाची असायची. सोळाव्या वर्षी करार करून आलेली. म्हणून आम्ही दोन्ही भाषा सगळ्यांना शिकवतो. मी स्वतः स्पॅनिश शिकले ती 'कुठे दुखतंय' आणि 'खोटं बोलू नकोस' यांपासून.

खोटं बोलण्याला कारणं असतात. दुखणं सांगितलं तर खेळायला मिळणार नाही; दुसरा कुणी खेळेल, तो चांगला खेळेल आणि जागा जाईल. मायनर लीगमध्ये ही भीती पैशांशीही बांधलेली आहे. २०२३ मध्ये खेळाडू संघटनेचा पहिला करार झाला तेव्हा लो-एचा किमान वर्षाचा पगार २६,२०० डॉलर ठरला, ट्रिपल-एचा ३५,८००. त्याआधी याच्या निम्म्याहूनही कमी मिळायचा. त्याच वर्षी मेजर लीगचा किमान पगार ७ लाख २० हजार डॉलर होता. ट्रिपल-एमधून वर जायचं म्हणजे एका विमानप्रवासात वीसपट. या दोन आकड्यांमधल्या फटीत उभा असलेला तेवीस वर्षांचा आउटफिल्डर खांदा दुखतोय हे सांगायला का धजत नाही, हे कळायला मला पदवीची गरज पडली नाही. मी एकच करू शकते: त्यानं सांगायच्या आधी ओळखायचं. चेंडू फेकल्यावर हात कसा खाली येतो, टी-शर्ट काढताना आधी कुठला हात बाहेर येतो, बसमध्ये तो कुठल्या कुशीवर झोपतो. रात्रभराच्या बसप्रवासात मी पुढच्या बाकावर बसते आणि मध्ये एकदा उठून मागेपर्यंत चक्कर मारते. पोरांना वाटतं मी पाय मोकळे करतेय.

खेळाडू हा क्लबचा ऐवज, ही भावना मायनर लीगमध्ये अजून जाणवते, पण एके काळी मेजर लीगमध्येही ती कायद्यानं पक्की होती. ती हलवायला पहिला मोठा धक्का दिला तो एका सेंटर फील्डरनं. कर्ट फ्लड सेंट लुइस कार्डिनल्ससाठी बारा मोसम खेळले, १९६३ पासून सलग सात वर्षं क्षेत्ररक्षणाचा गोल्ड ग्लोव्ह पुरस्कार मिळवला आणि १९६६ च्या अख्ख्या मोसमात त्यांच्या नावावर क्षेत्ररक्षणाची एकही चूक नव्हती. ऑक्टोबर १९६९ मध्ये क्लबनं त्यांना न विचारता फिलाडेल्फियाला देऊन टाकलं. फ्लडनी जायला नकार दिला, कमिशनरना पत्र लिहिलं आणि कोर्टात गेले. १९७२ मध्ये सुप्रीम कोर्टानं ५ विरुद्ध ३ मतांनी त्यांच्याविरुद्ध निकाल दिला. मधल्या काळात १९७१ साली ते वॉशिंग्टनकडून १३ सामने खेळले आणि तिथेच त्यांचं खेळणं संपलं. कोर्टाच्या निकालानंतर तीन वर्षांनी, डिसेंबर १९७५ मध्ये, लवादाच्या निर्णयानं खेळाडूंना क्लब सोडायची मोकळीक मिळाली. ती दोन पिचरांच्या प्रकरणात. त्यानंतरच्या करारांमधले कोट्यवधी डॉलर ज्यांच्या हातात पडले त्यांच्या पुढे हा माणूस धावून गेला होता. त्याला स्वतःला त्यातलं काही मिळालं नाही.

नव्या पोरांना मी फ्लडची गोष्ट क्वचितच सांगते. त्यांना दाखवते ती इचिरो सुझुकीची चित्रफीत. ११ एप्रिल २००१ ची ओकलंडमधली फेक सगळ्यांनी पाहिलेली असते. राइट फील्डमधून थर्ड बेसवर एका रेषेत गेलेला चेंडू आणि बाद झालेला टेरन्स लाँग. मी ती दाखवत नाही. मी दाखवते ते चेंडू नसतानाचे इचिरो. राइट फील्डमध्ये दोन चेंडूंच्या मधल्या वेळात ते वाकून मांडीमागचे स्नायू ताणतात, पाय फाकवून खांदे खाली आणतात, पंजे फिरवतात. कुणी फटका मारो न मारो, त्यांचं चालूच. मेजर लीगमध्ये ३,०८९ हिट्स, दहा गोल्ड ग्लोव्ह, आणि पंचेचाळिसाव्या वर्षी २१ मार्च २०१९ ला टोकियोत निवृत्ती. २०२५ मध्ये हॉल ऑफ फेमसाठी ३९४ पैकी ३९३ मतं. मेजर लीगमध्ये २००१ ला पदार्पण केलेला हा माणूस जखमींच्या यादीत पहिल्यांदा गेला तो २००९ मध्ये, आणि तेही पोटातल्या अल्सरमुळे. पोरं विचारतात, त्यांचं रहस्य काय? मी म्हणते, चित्रफीत पुन्हा बघा. पुष्कळांना ती कंटाळवाणी वाटते. ज्यांना वाटत नाही ते टिकतात, असं मी म्हणणार नाही, कारण त्यातल्याही कित्येकांना मी निरोप दिला आहे.

निरोपाची पद्धत ठरलेली आहे. मॅनेजर खेळाडूला आपल्या खोलीत बोलावतो, पाच मिनिटांत खेळाडू बाहेर येतो तेव्हा तो क्लबचा नसतो. मग तो माझ्याकडे येतो, कारण मोकळं करताना त्याची शेवटची तपासणी करून कागदावर सह्या घ्याव्या लागतात. गुडघे, खांदे, कोपर, जुन्या दुखापती, आज काय दुखतं. लोक रडतात, काही जण विनोद करतात, एक जण सगळा वेळ माझ्या टेपच्या रिळांची उतरंड रचत बसला होता. एका सेंटर फील्डरनं मात्र बूट घालता घालता विचारलं, "डॉक, इतक्या वर्षांत मी एकूण किती पळालो असेन?" त्याला त्याचे झेल माहीत होते, चोरलेले बेस माहीत होते, बॅटिंगची सरासरी तीन आकड्यांपर्यंत तोंडपाठ होती. हे एक माहीत नव्हतं आणि मलाही नव्हतं. त्याला खूप मोठा आकडा हवा होता असं मला वाटतं. मी तो दिला असता, पण माझ्याकडे नव्हता.

आर्चिबाल्ड ग्रॅहॅम हे नाव 'फील्ड ऑफ ड्रीम्स' या १९८९ च्या चित्रपटामुळे अनेकांना माहीत असतं. २९ जून १९०५ ला न्यूयॉर्क जायंट्ससाठी सामन्याच्या शेवटी ते राइट फील्डमध्ये उतरले. फलंदाजीची पाळी यायच्या आतच डाव संपला. मेजर लीगमध्ये ते पुन्हा कधी खेळले नाहीत. पुढे मिनेसोटातल्या चिझम या खाणीच्या गावात त्यांनी अर्धशतक डॉक्टरकी केली, शाळेतल्या मुलांचे रक्तदाब तपासत. त्यांच्या एकुलत्या एक सामन्याबद्दल लोक हळहळतात. मी हळहळत नाही. तेवढ्या वेळात ते किती चेंडूंना गुडघे वाकवून सज्ज झाले असतील, याचा विचार करते. स्वतः डॉक्टर असल्यामुळे त्यांनाही कधी हा प्रश्न पडला असेल.

आता जर्सीखाली घालायचे छोटे सेन्सर आले आहेत. किती अंतर, किती वेगानं, किती वेळा एकदम सुटला, किती वेळा एकदम थांबला, सगळं दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या लॅपटॉपवर असतं. पहिल्यांदा ते तक्ते बघताना मला जे अंगठ्याखाली जाणवत होतं तेच रेषांमध्ये दिसलं. आउटफिल्डरच्या जोराच्या धावांचा मोठा हिस्सा अशा धावांचा होता ज्यांच्या शेवटी चेंडू नव्हता. या आकड्यांविषयी माझ्या मनात शंकाही आहेत. आज मी ते कुणाला विश्रांती द्यावी हे ठरवायला वापरते. उद्या कुणी तेच कुणाला मोकळं करावं हे ठरवायला वापरेल. 'याचं इंजिन फार चाललंय' असं म्हणायला तोच तक्ता पुरतो. शरीराचा हिशेब शेवटी कुणाच्या वहीत जातो, हा प्रश्न फ्लडच्या काळापासून संपलेला नाही.

तरीही मला ते हवे आहेत, आणि त्याचं कारण एका जुन्या भांडणात आहे. सेन्सर यायच्या आधीच्या एका मोसमात मी मॅनेजरकडे गेले आणि म्हटलं, सेंटर फील्डरला आज बसवा, त्याचे पाय संपलेत. मॅनेजर चांगला माणूस, पूर्वीचा कॅचर. शरीर झिजतं म्हणजे काय हे त्याला कुणी सांगायची गरज नव्हती. त्यानं आदल्या रात्रीचं स्कोअरबुक उघडलं, बोट फिरवलं आणि म्हणाला, "डॉक, काल त्याच्याकडे एकही चेंडू गेला नाही. मग तो थकला कशानं?"

तेव्हा मी स्नायूंचं, तापमानाचं, बसप्रवासाचं काहीबाही सांगितलं आणि अर्धीमुर्धी जिंकले. सातव्या इनिंगपर्यंत तो बसला, मग उतरला. आज हाच प्रश्न मला कुणी विचारला तर तक्ता पुढे सरकवता येतो आणि बोलणं दोन मिनिटांत संपतं. पण नव्या इंटर्नना मी तक्ता नंतर दाखवते. आधी त्यांना एका सामन्यात चेंडूकडे अजिबात न बघता फक्त सेंटर फील्डरकडे बघायला बसवते आणि शेवटी मॅनेजरचा तोच प्रश्न विचारते. बहुतेक जण दुसऱ्या इनिंगमध्येच कंटाळतात. आठव्यापर्यंत टिकलेल्या एका मुलीनं मला हवं होतं ते उत्तर दिलं: चेंडू येणार नाही, हे त्याला आधी माहीत नसतं म्हणून.